साहेबांच्या कोट्या आणि माझं हसू

सिंगापुरात, तांजोंग पगारच्या ऑफिसात माझे साहेब फ्रेंच होते. दुपारी हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे खाण्याच्या गाळ्यांच्या मंडईत, जेवताना शब्दांच्या कोट्या करायचे आणि माझ्यासाठी त्या इंग्रजीत उलगडून सांगायचे. उलगडली की कोटी मरायचीच. आमच्या टेबलावरची फ्रेंच सहकारी कधी हसायची नाही. कपाळाला हात लावून कण्हायची, नाहीतर टिश्यूचा बोळा त्यांच्या अंगावर फेकायची. त्यांच्यात दाद अशीच देतात, हे मला फार उशिरा कळलं. मी पुण्याच्या कंपनीतली सवय घेऊन आलेलो: साहेब विनोद करतात, आपण हसायचं. कोटी कळायची नाही, म्हणून मी खूण धरून ठेवली होती. साहेबांनी चमचा खाली ठेवला, चेहरा मख्ख केला, आवाज उतरवला, की हसायचं.

त्या वर्षी माझा एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे तिथे नोकरी करायचा परवाना, संपत आला होता. साहेब हो म्हणाले तरच वाढणार. नाहीतर मुलीची बिशानची शाळा सोडवून सगळ्यांनी परत.

बायको म्हणायची, "अरे, तुला कळतं तरी का ते काय बोलतात?"

"पास हातात येईपर्यंत सगळं कळतं."

एके दिवशी साहेबांनी चमचा ठेवला. "माझे वडील पाव आणायला गेले," ते हळू म्हणाले, "आणि पाववाल्यालाच विचारलं, माझं घर कुठलं?"

मी मोठ्याने हसलो.

ती सहकारी या वेळी कण्हली नाही, ताटात बघत राहिली. साहेबांनी पुन्हा चमचा उचलला.

त्यानंतर माझी झोप उडाली. बायको म्हणाली, "जाऊन सरळ सांग ना."

"काय सांगू? इतके दिवस खोटं हसलो?"

"हो. तेच."

गेलो. सांगितलं. साहेब म्हणाले, "ठाऊक आहे. तू कोटी संपायच्या आधीच हसतोस." मग म्हणाले, "तुझ्या पासचं मी आधीच कळवलंय. वाढेल."

मी थँक्यू थँक्यू करत बाहेर पडलो. लिफ्टपाशी आठवलं, वडिलांचं विचारलंच नाही. मागे फिरलो.

दार अर्धं उघडं होतं. साहेब फोनवर फ्रेंचमध्ये, लहान मुलाशी बोलावं तसं सावकाश बोलत होते. मग "पापा" म्हणाले आणि आवाज उतरवला. खूण ओळखीची होती. ते थांबले. बराच वेळ थांबले. पलीकडून दाद आली नसावी. मग ते स्वतःच कण्हले, आमच्या टेबलावरच्या त्या सहकारी बाईसारखे.

मी दार वाजवलं नाही. पास वाढला. वडिलांचं मात्र मी शेवटपर्यंत विचारलं नाही.