आत्याचं अपील

माझ्या आत्याइतका कोर्टावर जीव असलेलं माणूस उभ्या सोलापूर जिल्ह्यात दुसरं नसेल. केम या तिच्या गावी तिच्या शेतातून विहिरीकडे जाणारी वाट चुलतदिराच्या रानातून जायची. ती त्यानं काट्या टाकून बंद केली, तेव्हा आत्यानं दावा लावला आणि जिंकलाही. दिरानं सोलापूरच्या जिल्हा कोर्टात अपील केलं. मी सोलापुरातच शाळामास्तर, त्यामुळे तारखेच्या आदल्या दिवशी आत्या माझ्याकडे उतरायची आणि माझ्या घराचंही कोर्ट व्हायचं. आमटीत मीठ कमी पडलं की ती माझ्या बायकोला म्हणायची, "माजी हरकत लिवून घे." अपिलात आपल्याला 'जाबदार' म्हणतात हे कळलं, तेव्हा ती वकिलांच्या ओट्यावर ठाण मांडून बसली. "जिकलेली बाई मी. मी कशापायी जाब देऊ?" वकिलांनी तासभर समजावलं. तिनं सगळं शांतपणे ऐकलं आणि शेवटपर्यंत स्वतःला वादीच म्हणवून घेतलं.

दीरही त्याच गाडीनं यायचा आणि धर्मशाळेत उतरायचा. दोघं कोर्टाच्या आवारात एकाच लिंबाखाली बसायची, पण तीन वर्षांत एकमेकांशी अवाक्षर नाही. शिदोरी सोडली की आत्या मला म्हणायची, "प्रतिवादीस्नी इचार, खाल्लंय का कायी?" भाकरी मी पोचवायचो. तिकडून उत्तर यायचं, "वादीस्नी सांग, ठेचा लई तिखट हाय." दोन हातांच्या अंतरात मी हेलपाटे घालत असे.

एका तारखेला पुकारा झाला आणि दीर घाईनं निघाला, तो सरळ कोर्टाच्या खांबावर आदळून खाली बसला. लोक हसले. आत्या हसली नाही. ती उठून त्याच्यासमोर उभी राहिली आणि काही न बोलता तिनं पाण्याचा तांब्या पुढं धरला. त्याचा हात पुढं आला नाही.

"भावजी," ती हळूच म्हणाली, "कवापास्नं दिसत न्हाय?"

म्हाताऱ्यानं तिच्या आवाजाच्या दिशेनं मान वळवली. मग म्हणाला, "दाव्याच्या आदीपास्नं, वैनी. वाटेवर तुमची म्हैस अंगावर आली, कळलंच न्हाई. म्हनून काट्या टाकल्या. पोरास्नी कळलं तर म्हनतील, आंधळ्याला रान कशाला?"

आत्या तडक वकिलांकडे गेली. "तडजोड करायची."

"अहो, अपील फेटाळलं जाणार आहे! मग कशाला?"

कारण तिनं सांगितलं नाही. वाट रानाच्या मधून न नेता बांधाच्या कडेनं न्यावी आणि आत्यानं आपल्या म्हशीच्या गळ्यात घंटा बांधावी, एवढं तिनं अर्जात लिहून घेतलं. दोघांचे अंगठे झाले. जज्जसाहेबांनी अर्ज वाचला, राजीखुशीनं करता का विचारलं. दोघांनी "व्हय" म्हटलं.

"पण ही घंटा कशासाठी?"

दिरानं मान खाली घातली. आत्या ताठ उभी राहिली. "म्हशीला हौस हाय, सायेब."

साहेबांनी चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं, मग तिच्या दिराकडे पाहिलं आणि पुढं काही न विचारता तडजोडीप्रमाणे हुकूमनामा करायला सांगितलं.

संध्याकाळी मी दोघांना गाडीत बसवलं. म्हाताऱ्याचा हात धरून तिनं त्याला खिडकीशी नीट बसवलं. मग बाहेर डोकावून म्हणाली, "आता तारीख न्हाई. तुज्याकडं यायला काय निमित्त काडू रं?"

निमित्त कशाला हवं, आत्या, तशीच ये, असं म्हणायला हवं होतं. मी नुसता हसलो आणि गाडी सुटली. ती मानी बाई. बोलावल्याशिवाय पुन्हा कधी आली नाही.