पाकळ्या देवाच्या, फळ माझं

जळगावच्या उन्हात अननस पेरू लावणारी बाई वेडीच, असं आमच्या गल्लीचं मत. मी लावला, आणि तोही एक नाही, दोन. एकट्या झाडाला फळ नीट धरत नाही म्हणून. अननसाच्या वासाचं फळ देणारी, थंड हवेतली ही परदेशी झुडपं. उन्हाळाभर त्यांच्यावर हिरवी जाळी बांधायची, बुंध्याशी केळीची वाळकी पानं अंथरायची, पाणी घालायचं, हा माझा उद्योग. एकदा तरी ते फळ चाखायचं होतं मला.

अखेर एका मार्चात फुलं आली. आतून गुलाबी, जाडसर पाकळ्या आणि मध्ये लालभडक केसरांचा झुबका. मी हरखून गेले. दुसऱ्या दिवशी सकाळी पाहते तर फांद्या मोकळ्या आणि फुलं देव्हाऱ्यात, गणपतीपुढे!

हा पराक्रम सासूबाईंचा. त्या जवळच्याच असोदे गावच्या, घरात आम्ही त्यांना अक्का म्हणतो.

"फूल तोडलं तर फळ कुठून येणार, अक्का?" मी तडकले.

"देवाले नई वाहाचं, त काय झाडाले पाहात बसाचं का वं?"

त्यानंतर आमचं बोलणं भाजीपुरतंच उरलं.

मी अशीच अंगणातल्या ओट्यावर फणफणत बसले असताना बुलबुलाची जोडी आली. नव्या फुलांच्या पाकळ्या तेवढ्या मटकावल्या, झुबका तसाच ठेवला आणि उडाली. मीही एक पाकळी तोंडात टाकली. चक्क गोड! अक्कांना हाताला धरून बाहेर आणलं, हळूच पाकळ्या खुडून दाखवल्या. "एवढ्या देवाच्या. बाकीचं राहू द्या."

त्यांनी मान हलवली. "बरं. पन पह्यलं फय देवाचं."

फळं धरली मोजकीच, आणि उन्हानं एक सोडून सगळी कोवळेपणीच गळाली. दसऱ्याच्या सुमाराला ते एकुलतं एक पिकून आपणहून खाली पडलं. हिरवंच, पण वास घरभर. आता नैवेद्य होणार, मग प्रसाद गल्लीभर वाटणार आणि माझ्या वाट्याला नखाएवढा तुकडा येणार, या विचारानं मला रडूच यायला लागलं. तरी फळ अक्कांच्या हातात दिलं.

त्यांनी विळीवर ते मधोमध चिरलं. देव्हाऱ्याकडे न जाता एक फोड माझ्यापुढे धरली.

"खाय. उन्हातान्हाचं पानी तू घातलं. देव कुठी पयून चालला?"

नैवेद्याआधी त्यांनी कुणाला शेंगदाणाही तोंडात टाकू दिलेला मी पाहिला नव्हता.