परत आलेली ओटी

साखऱ्यासारख्या कोरडवाहू गावातल्या माणसाने समुद्रावर नोकरी करावी, हेच मुळात आमच्या गावाला पटलं नव्हतं. आमच्याकडे पाणी म्हणजे विहीर, बोअर आणि निवडणुकीतलं आश्वासन. मी नौदलात इंजिनावर होतो, आणि तेही मोठ्या युद्धनौकेवर नाही. किनाऱ्यालगत पहारा देणाऱ्या छोट्या गस्ती बोटीवर. सुट्टीत गावी आलो की लोक विचारत, तोफ केवढी आहे? तोफ नव्हती, मशीनगन होती. ऐकून त्यांचे चेहरे पडायचे.

मला मात्र ती बोट फार आवडायची. तिला इतर बोटींसारखा पाण्याखाली फिरणारा पंखा नव्हता. पोटाखालच्या जाळीतून पाणी ओढायचं आणि मागून जोरात फेकायचं, त्या रेट्यावर ती पळायची. खाली काही लोंबत नसल्यामुळे उथळ खाडीतही शिरायची, जागच्या जागी वळायची. आम्ही दिवसभर मासेमारांच्या होड्या थांबवून कागद बघायचो. लाटांवर ती इतकी आपटायची की ताटातलं जेवण ताटात राहत नसे. तरी तिला नावं ठेवलेली मला खपत नसत. तिचं दुखणं एकच: दोरी, प्लॅस्टिक, कापड असलं काही आत ओढलं गेलं की तिचा श्वास कोंडायचा.

अधूनमधून घरच्यांना बोटीवरून फिरवून आणत. माझ्या नोकरीची मुदत संपत आली होती आणि मला ती वाढवून घ्यायची होती. बोट डोळ्यांनी पाहिली की आईची भीती जाईल, म्हणून तिला बोलावलं. बाबा गुरांपाशी राहिले. निघण्यापूर्वी सगळ्यांना बजावलं, पाण्यात कचरा टाकू नका. आईने मान डोलावली. तिच्या पिशवीत कचरा नव्हताच. ओटी होती: खण, नारळ, मूठभर गहू, हळकुंड. कयाधूला पाणी आलं की आमच्याकडच्या बाया नदीची ओटी भरतात. मग लेकराला सांभाळणाऱ्या समुद्राची नको भरायला?

मी खाली इंजिनापाशी होतो. बोट हळूहळू मागे येत असताना आईने मागच्या कठड्याशी उभं राहून हात जोडले आणि ओटी सोडली. थोड्याच वेळात डावं इंजिन थरथरायला लागलं, तापलं, बंद करावं लागलं. उजव्यावर आम्ही रडतखडत धक्क्याला आलो. पाणबुड्याने खाली उतरून खणाच्या चिंध्या काढल्या आणि धक्क्यावर टाकल्या. बोटीचे साहेब हसून आईला म्हणाले, एवढं चालायचंच. कुणीच रागावलं नाही.

आई मात्र त्या चिंध्यांकडे बघत उभी राहिली. मी तिला परतीच्या गाडीत बसवून दिलं. मग म्हणाली, "समुद्रानं माझी ओटी घेतली न्हाई. तू आता घरी ये."

जाळीचं, पंपाचं सगळं समजावून सांगितलं. इंजिनाची समजूत काढता येते, आईची नाही. तिचं अन्नपाणी तुटलं, फोनवर नुसती रडायची. शेवटी मी मुदत वाढवली नाही.

आता गावाजवळच सेनगावला माझं मोटर-पंप दुरुस्तीचं दुकान आहे. बरं चाललंय. गाव मला मेजर म्हणतं. नौदलात मेजर नसतो, हे सांगायचं मी सोडून दिलंय. पण बोट सुटल्याची हळहळ काही जात नाही. आईसमोर मात्र मी तो विषय कधी काढला नाही. हसत राहिलो. घरीच बरं म्हणत राहिलो.

परवा शेजारची बाई आईकडे आली. तिचा मुलगा नौदलाच्या भरतीत पास झालाय. मी आतल्या खोलीत होतो. बाई रडत होती, एकुलतं एक पोरगं पाण्यावर काहून धाडायचं, म्हणत होती. मला वाटलं, आता आई तिला ओटीची गोष्ट सांगणार.

आई म्हणाली, "जाऊ दे त्याला. मी भिऊन माझं लेकरू माघारी आणलं. घरी हाय ते, पण तवापासून मनापासून हासलं न्हाई."

इतकी वर्षं मला वाटत होतं, तिला कळलेलं नाही.