जिरायत रानातलं पाणी

डांबर तापल्याचा वास आला की रस्त्याखाली बुजलेली आमची विहीर आठवते. वडूजजवळच्या रस्त्यात जाणाऱ्या आमच्या रानाचा मोबदला ठरवायला सरकारी साहेब आले होते. भर मे महिन्यात वडिलांनी विहिरीचं पाणी शेंदून दिलं. साहेब हिरव्या उसाच्या बांधावर उभं राहून तांब्याभर घटाघटा प्याले आणि लिहून गेले, रान जिरायत, पाण्याची सोय नाही. मोबदला निम्म्यावर आला. "आवं सायेब, आत्ताच पानी प्यालासा न्हवं?" असं वडिलांनी कचेरीत जाऊन विचारलं, तर शिपायाकरवी बाहेर काढलं. परवा माझ्या रस्त्याकडेच्या टपरीपुढं एक गाडी वाफा सोडत थांबली. आतून तोच साहेब उतरला; म्हातारा झाला होता, पण मी ओळखला. त्यानं गाडीसाठी पाणी मागितलं. भरल्या पिंपावर झाकण ठेवत मी म्हणालो, "पानी कुठलं सायेब? जिरायत रान हाय. तुमीच लिवलंय."