भट्टीच्या मातीतले जीव

माझी थोरली बहीण अंजना पुण्यातल्या एका प्रयोगशाळेत काम करते. ती जे जिवाणू वाढवते, ते कार्बन मोनॉक्साइड खाऊन जगतात. बंद खोलीतल्या कोळशाच्या शेगडीतून निघणारा, रंग नसलेला, वास नसलेला, झोपलेल्या माणसाला उठू न देणारा वायू तो हाच. विंझरला आमच्या दुकानात कुणी सहज विचारलं, "तुझी बहीण पुण्याला काय करती गं?" की मी तराजू खाली ठेवते आणि पहिल्यापासून सांगायला लागते. ज्याला घाई असेल त्यानं विचारू नये.

माहेर आमचं हिर्डोशीचं, वरंधा घाटाच्या अंगाला. वडिलांचं नाव कुंडलिक. आम्ही त्यांना आप्पा म्हणतो. पावसाळ्यात भात आणि नाचणी, उन्हाळ्यात कोळशाची भट्टी. लाकडं गोल रचायची, वर पालापाचोळा घालायचा, त्यावर मातीचा जाड थर द्यायचा आणि आत विस्तव नुसता धुमसत ठेवायचा. आप्पांचा कोळसा टणक, वाजणारा. भोरचे लोहार तो नावानं मागायचे.

माझा जन्म ऐन आषाढातला. ताई तेव्हा दुसरीत होती. घाटात दरड पडून एसटी बंद होती, म्हणून आईला भोरला नेता आलं नाही. बाळंतपण अंबूमावशीनं केलं. अंबूमावशी वाडीची सुईण; आमच्या नात्यातली नव्हे, पण वाडीतल्या निम्म्या पोरांना पहिला हात तिचाच लागलेला. सगळं सुखरूप झालं. मी वजनानं चांगली होते म्हणे.

दोन-चार दिवसांनी एका सकाळी पावसाबरोबर वारा सुटला. आईला हुडहुडी भरली. आप्पांनी शेगडी कोळशानं भरली, चांगली फुलवली आणि आईच्या बाजेखाली सरकवली. खिडकीत गोणपाट कोंबलं, दार ओढून घेतलं. घरोघरी असंच करायचे. अंबूमावशी मला तेल लावायला बाहेर चुलीपाशी घेऊन बसली होती. न्हाणं झालं आणि मी तिच्या मांडीवरच झोपले. रत्नाला डोळा लागला असेल तर लागू दे, म्हणून मावशी मला घेऊन तशीच बसून राहिली. रत्ना म्हणजे आमची आई.

मला तिथंच निजवून मावशी आत गेली तेव्हा आई उठली नाही. हाका मारता मारता मावशीलाच भोवळ आली आणि ती उंबऱ्यात कोसळली.

आईच्या गालांवर लाली होती. गेलेल्या माणसाचा चेहरा पांढराफटक पडतो, हिचा गुलाबी कसा? एवढ्यावरून वाडीत कुजबुज सुरू झाली, की ह्यात अंबूचाच काहीतरी हात असणार. आमचे चुलते गोरखतात्या तर सगळ्यांसमोर म्हणाले, "पोर तेवडी भाईर काडली हिनं, अन् आईला आत ठिवली. हिला ठावं व्हतं समदं."

त्यानंतर अंबूमावशीला कुणी बाळंतपणाला बोलावलं नाही. बारशाला नाही, हळदीकुंकवाला नाही. आप्पा कुणाच्याच बाजूनं काही बोलले नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात त्यांनी भट्टी लावली नाही, त्याच्या पुढच्या उन्हाळ्यातही नाही.

मला दूधभात चुलती भरवायची, पण कडेवर मी कायम ताईच्या. शाळा सुटली की ती मला घेऊन अंबूमावशीच्या अंगणात जायची. घरून कुणी पाठवायचं नाही, आणि अडवायचंही नाही. मावशी माझ्या हातावर गूळ ठेवायची आणि मी खाईपर्यंत बघत बसायची.

ताई बारावी झाली आणि भोरच्या कॉलेजात जायला लागली. एसटी चुकली की अर्धी वाट चालत. एक दिवस रसायनशास्त्राच्या तासाला सर सांगत होते, की कोंडलेल्या जागी कोळसा अर्धवट जळला की कार्बन मोनॉक्साइड तयार होतो, आणि आपलं रक्त ऑक्सिजन सोडून त्यालाच धरून बसतं. माणसाला कळतसुद्धा नाही. मग सर म्हणाले, "कधीकधी अशा माणसाची कातडी मेल्यावर गुलाबी दिसते."

ताई बाकावरून उठून उभी राहिली. "सर, गाल पण?"

"हो. गालसुद्धा."

ती तशीच वर्गाबाहेर पडली, मिळेल त्या गाडीनं हिर्डोशीला आली आणि घरी न येता आधी मावशीकडे गेली. मी अंगणात खेळत होते.

"मावशी, आय कशानं गेली त्ये मला कळलं. शेगडीचा वायू व्हता त्यो. तू शिवानीला भाईर घिऊन बसलीस म्हनून ही वाचली."

मावशीला पटायला वेळ लागला. "मग माजं डोकं गरगरलं, पडले म्या, त्ये बी त्यानंच?"

"त्यानंच. आनि जरा वेळ आत राहिली असतीस तर तू बी गेली असतीस."

मावशीनं पदर तोंडाला लावला. मग मला जवळ ओढून इतकं घट्ट धरलं की माझा श्वास अडकला.

घरी मात्र ताईचं कुणी ऐकलं नाही. गोरखतात्या हसले. "धूर न्हाई, वास न्हाई, अन् मानूस मरतंय? समद्या घरांत शेगड्या पेटत्यात, समदी मेली का?" ताईला त्या दिवशी त्यांना गप्प करता आलं नाही. आणि आप्पा उठून गोठ्यात निघून गेले. शेगडी त्यांनी भरली होती. मावशीवरचा डाग पुसायला गेलं की तो आप्पांच्या अंगावर येतो, हे ताईच्या तेव्हा लक्षात आलं. ती त्यांच्या मागोमाग गोठ्यात गेली आणि म्हणाली, "तुमाला ठावं नव्हतं, आप्पा. कुनालाच ठावं नव्हतं." आप्पा बैलाच्या पाठीवरून हात फिरवत राहिले.

ताई पुण्याला सूक्ष्मजीवशास्त्र शिकली. पुढं एका संस्थेत कामाला लागली. तिथल्या डॉक्टर नूतन मॅडम तिच्या मार्गदर्शक. त्यांनीच तिला पहिल्यांदा सांगितलं, की काही जिवाणूंना ह्या वायूचं विष बाधत नाही, उलट तेच त्यांचं अन्न असतं. ते मातीत राहतात. हवेत मिसळणाऱ्या ह्या वायूचा काही वाटा रोज मातीच संपवते, ती त्यांच्या जोरावर. परदेशात ते जळत्या कोळसाभट्टीवरच्या मातीतही सापडलेत.

"पण आता अशी भट्टी कुठं मिळणार?" मॅडम म्हणाल्या.

"माझ्या वडिलांना लावता येते," ताई म्हणाली. आणि मग हिर्डोशीपर्यंत वाटभर विचार करत आली, की हे आप्पांना विचारायचं कसं.

मी त्या दिवशी माहेरीच होते. जेवणं झाल्यावर ताईनं सरळ विचारलं, "आप्पा, एक भट्टी लावाल?"

"कशापायी?"

"ज्या वायूनं आय गेली, त्यो खानारे जीव असत्यात. भट्टीवरच्या मातीत ऱ्हात्यात. मला ते धरायचेत."

"खानारे? म्हंजी त्यो संपतो?"

"संपतो, आप्पा."

आमच्या शेतात वादळात ऐनाचं एक झाड पडलं होतं. वनखात्याची परवानगी आली, आणि आप्पांनी कुऱ्हाडीला धार लावली. इतक्या वर्षांनी त्यांनी लाकडं रचली, पण हात विसरले नव्हते. माती चढवत होते तेव्हा अंबूमावशी डोक्यावर घमेलं घेऊन बांधावरून आली. तिला कुणी बोलावलं नव्हतं. आई गेल्यापासून त्या दोघांत एक शब्द झाला नव्हता. मावशीनं भट्टीला एक फेरी घातली आणि म्हणाली, "कुंडलिक, ह्या अंगाला माती पातळ हाय."

"मग घाल की तू," आप्पा म्हणाले.

एवढंच. पण मी आणि ताईनं एकमेकींकडे बघितलं.

भट्टी धुमसायला लागल्यावर ताई तोंडाला मास्क लावून, वाऱ्याची दिशा बघून, वायू मोजायचं यंत्र कमरेला अडकवून जवळ गेली. निर्जंतुक बाटल्यांत तिनं वरची माती खरवडून घेतली. माती इतकी कढत होती की रबरी हातमोजा बोटांना चिकटला.

पुण्यात तिनं बाटल्यांत नुसतं क्षारांचं पाणी घेतलं, त्यात चिमूट चिमूट माती टाकली, वर कार्बन मोनॉक्साइड भरला आणि बुचं घट्ट बसवली. आत खायला दुसरं काहीच नाही. वायू कमी झाला, तर कुणीतरी तो खातंय. पण वायू कमी होईना. आठवडे गेले, महिने गेले. मॅडम समजुतीनं म्हणाल्या, की विषय बदलायला हरकत नाही. ताई फोनवर माझ्याशी धड बोलायचीसुद्धा नाही.

मग एक दिवस बाटल्या लावताना तिला तो चिकटलेला हातमोजा आठवला. भट्टीवरची माती कढत, आणि बाटल्या ती ठेवत होती आपल्याला बरं वाटेल अशा उबेत. तिनं नव्या बाटल्या भरल्या आणि खूप जास्त उष्णतेच्या पेटीत ठेवल्या. शेजारी एक बाटली ठेवली, तिच्यातली माती आधी वाफेनं पूर्ण निर्जीव करून घेतलेली.

मी दुकानात साखर जोखत होते तेव्हा तिचा फोन आला. "शिवे, खाल्लं! त्यांनी खाल्लं!" ती रडत होती की हसत होती, कळेना. जिवंत मातीच्या बाटलीतला वायू जवळजवळ संपला होता. निर्जीव मातीच्या बाटलीतला होता तेवढाच होता. मी सगळ्या गिऱ्हाइकांना पेढे दिले. कशाचे ते समजावता समजावता दुपार झाली.

त्यानंतर ताईनं हिर्डोशीला येऊन जे केलं, त्याचा मला त्या बाटल्यांइतकाच अभिमान आहे. तिनं वाडीला आमच्या घरी बोलावलं. आई जिथं गेली त्याच खोलीत कोळशाची फुललेली शेगडी ठेवली, यंत्र ठेवलं, खिडकीला बाहेरून काच बसवली आणि दार बंद केलं. आत कुणी नाही. सगळे काचेतून यंत्राचे आकडे बघायला लागले. आकडा चढत गेला. तांबडा दिवा लागला आणि यंत्र किंचाळायला लागलं. बायकांनी पोरांना मागं ओढलं.

"तात्या, धूर दिसला का?" ताईनं विचारलं.

"न्हाई."

"वास?"

"न्हाई." गोरखतात्या म्हातारे झाले होते. त्यांचा हात काचेवरच राहिला. मग ते वळून अंबूमावशीपाशी गेले आणि हळूच म्हणाले, "अंबे, म्या लई वंगाळ बोललो गं."

मावशी म्हणाली, "समद्यांम्होरं बोललास. आता समद्यांम्होरंच सांग."

तात्यांनी टोपी काढली आणि मोठ्यानं सांगितलं, की रत्ना वायूनं गेली, आणि शिवानी अंबूमुळं जगली. आप्पा भिंतीला टेकून उभे होते. ताई त्यांच्या शेजारी जाऊन उभी राहिली. मीही गेले. त्या पावसाळ्यापासून वाडीत कुणी दार लावून शेगडीशी बसत नाही.

पुढं ताईनं आप्पांना आणि मावशीला पुण्याला नेलं. मी सोबत होते. प्रयोगशाळेत मावशीनं सूक्ष्मदर्शकाला डोळा लावला आणि कितीतरी वेळ काढला नाही. "लई बारीक हाईत गं," ती म्हणाली, "पर तगडी दिसत्यात." मग ताईनं बाटलीवरची चिठ्ठी वाचून दाखवली: अंबू-४.

मावशीला वाटलं चेष्टा आहे. नूतन मॅडमनी तिला खुर्चीवर बसवून समजावलं, "आजी, ज्याला जिवाणू सापडतात त्यानं त्यांना खूण द्यायची असते. अंजनानं तुमचं नाव दिलंय. चौथ्या बाटलीत मिळाले म्हणून चार. ही जात नवी आहे की आधीची, ते अजून तपासायचंय. पण प्रयोगशाळेत ह्यांना सगळे ह्याच नावानं ओळखतात."

"अन् म्या मेल्याव?"

"तरी राहतील. आम्ही ते गोठवून जपून ठेवतो."

निघताना मावशीनं बाटलीला लांबूनच नमस्कार केला.

येताना स्वारगेटहून भोरची एसटी मिळाली. गाडी सुटायच्या आत मावशीनं शेजारच्या बाईला सांगितलं, पुढच्या बाकावरच्या दोघांना सांगितलं, आणि कंडक्टर तिकीट द्यायला आला तेव्हा त्यालाही सांगितलं, "माज्या नावाचे जीव हाईत पुन्यात. इख खात्यात, इख."

कंडक्टर गालात हसला. "व्हय का आज्जी? बरं बरं."

तेव्हा खिडकीशी बसलेले आमचे आप्पा, परक्या माणसाशी सहसा न बोलणारे, वळले आणि अख्ख्या गाडीला ऐकू जाईल असं म्हणाले, "हसू नका, सायेब. खरं हाय त्ये. माज्या लेकीनं शोधल्यात."