सोबत : आंबा, एक नग

भूसंपादन कार्यालयात मी आवक-जावक सांभाळतो. गेली दोन वर्षं मे महिन्यात वणीकडचा एक म्हातारा माझ्या टेबलापाशी यायचा. चपला दाराबाहेर काढायचा, अर्ज द्यायचा आणि अर्जावर एक आंबा ठेवायचा.

त्याच्या शेतातून रस्ता जाणार होता. पंचनामा भर श्रावणात झाला, तेव्हा झाडावर फळ नव्हतं. म्हणून कागदावर 'आंबा, फळ न देणारा' अशी नोंद झाली आणि झाडाचा मोबदला सरपणाच्या भावाने धरला गेला.

"श्रावणात कुणाच्या झाडाला आंबा ऱ्हातो, साहेब? बरोबर का नाय?"

प्रत्येक वाक्यामागे तो 'बरोबर का नाय' लावायचा आणि उत्तराची वाट न बघता पुढे जायचा. अर्जाखाली स्वतःच्या हाताने लिहायचा, 'सोबत : आंबा, एक नग.' पोच घेतल्याशिवाय हलायचा नाही. मी शिक्का मारून अर्ज फायलीला लावायचो. आंबा फायलीला लागत नाही, म्हणून घरी न्यायचो.

यंदा तो आंब्याशिवाय आला. झाड रस्त्याच्या कामात गेलं होतं. हातात आमच्याच कार्यालयाचं पत्र होतं : झाडाला फळ येत असल्याचा पुरावा सादर करावा.

"दोन्ही सालचे आंबे तुमीच खाल्ले ना, साहेब?"

"हो."

"गोड व्हते?"

"होते."

"मंग तेवढं लिहून द्या. बरोबर का नाय?"

या वेळी तो उत्तरासाठी थांबला.

मी टेबलावर पेन शोधायला लागलो. ते माझ्या खिशालाच होतं.