बाबांच्या टाचांवरच्या मासोळ्या
काल कूलरची टाकी धुताना शेवाळलेल्या पाण्याचा वास आला आणि बाबांना मॉलमध्ये नेलं होतं ती दुपार आठवली. बाबा तरुणपणी ओमानमध्ये फिटर होते. तिथल्या उजाड डोंगरांतल्या ओढ्यांत बोटभर तपकिरी मासोळ्या असतात, पाण्यात पाय सोडले की टाचांची मेलेली कातडी खातात, असं ते नेहमी सांगायचे. इथे रायपूरच्या मॉलमध्ये तसल्याच मासोळ्यांची टाकी आली, म्हणून मी त्यांना हट्टानं नेलं. बाबांनी पँट दुमडली, पाय पाण्यात सोडले आणि वाट बघत बसले. टाकीवरच्या मुलीनं विचारलं, “अंकल, गुदगुदी हो रही है ना?” बाबा माझ्याकडे वळून म्हणाले, “या त्या मासोळ्या नाहीत वं. मले तर काहीच कळून नाही राहिलं.” मी वाकून पाहिलं, तर त्यांच्या दोन्ही टाचांना मासोळ्या गच्च लागल्या होत्या. मी हात घातला, तशा माझ्या बोटांना लगेच गुदगुल्या झाल्या. बाबांची शुगर जुनी होती, मला सगळं समजलं, पण त्यांचा उतरलेला चेहरा बघवेना, म्हणून म्हणाले, “हव बाबा, या वेगळ्या जातीच्या असतील.” डॉक्टरकडे गेलो ते चार महिन्यांनी, अंगठा काळा पडल्यावर. पाऊल कापावं लागलं. बाबा जाऊन आता दोन वर्षं झाली. शेवटपर्यंत ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे, मॉलमधल्या मासोळ्या नकली होत्या. आणि शेजारी बसून मी हो म्हणायचे.